बलात्कारविरोधी कायदा : संमती, पुरावा आणि फाशीची मागणी

ओसरी (धागाकर्ती)

एखादी अमानुष घटना घडली की दोन-तीन दिवसांत फाशीची मागणी सुरू होते, आणि जो ती करत नाही तो स्त्रियांच्या विरोधात आहे असे गृहीत धरले जाते. मला या गृहीतकाविषयीच लिहायचे आहे. ज्या स्त्री-चळवळीमुळे आपल्याकडचा बलात्काराचा कायदा बदलला, तिचा मोठा भाग फाशीच्या विरोधात उभा राहिला आहे. तिची मागणी वेगळी होती : न्यायालयाने कोणता प्रश्न विचारावा आणि कोणाला विचारावा, हे बदलले पाहिजे.

सुरुवात आपल्याच राज्यात झाली. २६ मार्च १९७२ च्या रात्री तेव्हाच्या चंद्रपूर जिल्ह्यातील (आताच्या गडचिरोलीतील) देसाईगंज पोलीस ठाण्यात मथुरा या आदिवासी मुलीला जबाबासाठी आणले होते. तक्रार तिच्या भावानेच दिली होती. वैद्यकीय अंदाजानुसार तिचे वय चौदा ते सोळा होते. जबाब झाल्यावर बाकीच्यांना बाहेर पाठवण्यात आले आणि तिला आत थांबवून घेतले गेले. पुढे खटला चालला तेव्हा १९७४ मध्ये सत्र न्यायालयाने दोन्ही पोलिसांना सोडले, कारण मुलीला पूर्वीपासून शरीरसंबंधांची सवय होती आणि म्हणून तिची संमती असणार, असा निष्कर्ष त्या न्यायालयाने काढला. उच्च न्यायालयाच्या नागपूर खंडपीठाने हा निकाल फिरवला. भीतीपोटी शरण जाणे म्हणजे संमती देणे नव्हे, असे त्या खंडपीठाने स्पष्ट म्हटले. सर्वोच्च न्यायालयाने १९७८ मध्ये पुन्हा दोघांना निर्दोष ठरवले. तिच्या अंगावर जखमा नव्हत्या आणि तिने आरडाओरडा केल्याचे दिसत नव्हते, हे त्यामागचे मुख्य कारण होते.

सप्टेंबर १९७९ मध्ये उपेंद्र बक्षी, लोतिका सरकार, वसुधा धागमवार आणि रघुनाथ केळकर या कायद्याच्या चार प्राध्यापकांनी सरन्यायाधीशांना खुले पत्र लिहिले. त्या पत्राचा गाभा मला आजही महत्त्वाचा वाटतो. ज्या ठिकाणी मदतीसाठी धावायचे तेच पोलीस ठाणे, आणि ज्याच्याकडे तक्रार करायची तोच पोलीस समोर उभा. अशा जागी अडकलेल्या गरीब मुलीने ओरडायचे तरी कोणासाठी? कायद्याला अभिप्रेत असलेली ‘संमती’ ही दोन समान व्यक्तींमधली होती. ठाण्यातली ती खोली समान नव्हती, आणि हा फरक निकालात कुठेच आला नव्हता. स्त्रीवादी दृष्टी म्हणजे काय, असे मला कोणी विचारले तर मी व्याख्या सांगत बसत नाही, हा खटला सांगते.

१९८३ मध्ये कायदा बदलला. पोलीस, सरकारी नोकर, तुरुंग किंवा रुग्णालयाचे कर्मचारी यांच्या ताब्यात असलेल्या स्त्रीवरील बलात्कार हा स्वतंत्र गुन्हा झाला, आणि अशा खटल्यात संबंध सिद्ध झाल्यावर ‘माझी संमती नव्हती’ असे ती स्त्री म्हणाली तर न्यायालयाने तसेच गृहीत धरावे, असे पुरावा कायद्यात आले. खटला बंद दालनात चालवण्याची आणि तिची ओळख उघड न करण्याची तरतूदही तेव्हाचीच. मात्र संमती नसल्याचे गृहीतक बव्हंशी अशा ताब्यातील प्रकरणांपुरते राहिले. घर, शेत, कारखाना येथे जुनाच प्रश्न चालू राहिला : तू विरोध का केला नाहीस? तक्रारदार स्त्री ‘सामान्यतः अनैतिक चारित्र्याची’ आहे असे दाखवून तिच्या साक्षीवर अविश्वास निर्माण करण्याची मुभा देणारे पुरावा कायद्यातील कलम तर २००२ अखेरपर्यंत पुस्तकात होते.

मग दिल्लीतील सामूहिक बलात्काराचा, २०१२ चा डिसेंबर आला. न्यायमूर्ती वर्मा, न्यायमूर्ती लीला सेठ आणि गोपाल सुब्रमण्यम यांच्या समितीने एकोणतीस दिवसांत अहवाल दिला. समितीने फाशीची शिफारस केली नाही. संमतीची स्पष्ट व्याख्या करा, विवाहांतर्गत बलात्काराला दिलेली सूट काढा, तक्रार न नोंदवणाऱ्या पोलिसाला शिक्षा करा, सशस्त्र दलांच्या विशेषाधिकारांचा फेरविचार करा, असे तिने सांगितले. सरकारने यातील काही घेतले, विवाहाची सूट तशीच ठेवली, आणि जे मागितले नव्हते ते, म्हणजे काही प्रकारांत फाशी, स्वतःहून जोडले. माझ्या मते या तीन ओळींत गेल्या चाळीस वर्षांचा इतिहास आहे. स्त्रिया पुराव्याची आणि प्रक्रियेची पद्धत बदलायला सांगतात, आणि राज्यसंस्था त्यांना शिक्षेचा आकडा वाढवून देते, कारण आकडा वाढवायला अध्यादेशाचा कागद पुरतो, पद्धत बदलायला माणसे आणि पैसा लागतो.

मतभेद अपेक्षित आहेत. कृपया मुद्द्यावर लिहावे.

निर्मोही

लेख अभ्यासपूर्ण आहे. तरीही मला त्यात एक अलिप्तपणा जाणवला, आणि तो बोलून दाखवतो. ज्या घरातली मुलगी गेली त्या घराला पुराव्याच्या तत्त्वज्ञानात रस नसतो. त्यांना गुन्हेगाराला कठोरात कठोर शिक्षा झालेली पाहायची असते, आणि ही इच्छा मागासलेली आहे असे सुचवण्याचा अधिकार आपल्यापैकी कोणाला आहे असे मला वाटत नाही. दुसरे असे की शिक्षेचा धाक नसेल तर संमतीची व्याख्या कितीही सुंदर लिहिली तरी ती कागदावरच राहील. आपल्या विधिमंडळाने २०२१ मध्ये स्त्रियांवरील अत्याचारांना फाशीपर्यंतची तरतूद असलेले ‘शक्ती’ विधेयक एकमुखाने मंजूर केले, ते लोकभावनेचा मान राखूनच.

तळटीप

मी गेली बरीच वर्षे सत्र न्यायालयात वकिली करतो, बहुतेक वेळा बचाव पक्षाकडून. त्यामुळे माझ्या म्हणण्यात तो कल असेल हे आधीच सांगून टाकतो.

निर्मोही, धाक शिक्षेच्या मोठेपणाने बसतो की शिक्षा होईलच या खात्रीने, याचा विचार करावा. राष्ट्रीय गुन्हे नोंद विभागाच्या आकडेवारीनुसार २०२२ मध्ये देशात बलात्काराचे ३१,५१६ गुन्हे नोंदले गेले. खटला पूर्ण झालेल्या प्रकरणांत दोषसिद्धीचे प्रमाण साधारण चारात एक इतकेच राहते. दहांतल्या नऊहून अधिक प्रकरणांत आरोपी ओळखीचा असतो : शेजारी, नातेवाईक, मित्र, मालक, नवरा सोडून बाकी कोणीही. (नवरा का सोडून, हे ओसरी सांगतीलच.) आता या दोन गोष्टी एकत्र ठेवून पाहा. बारा वर्षांखालील मुलीवरील बलात्काराला २०१८ पासून फाशीपर्यंतची शिक्षा आहे. आरोपी मुलीचा काका आहे. आजीला ठाऊक आहे की तोंड उघडले तर मुलगा फासावर जाऊ शकतो. अशा घरात तक्रार ठाण्यापर्यंत पोहोचण्याची शक्यता वाढते की घटते? आणि पोहोचलीच, तर साक्षीदार टिकतात की फितूर होतात? मी बचावाचा वकील असल्याने फितूर साक्षीदार म्हणजे माझा विजय, पण त्या विजयानंतर मुलगी त्याच घरात परत जाते.

दुसरी अडचण न्यायाधीशाच्या मनातली आहे. शिक्षा जितकी टोकाची, तितका पुराव्यातील बारीकसा दोषही मोठा दिसू लागतो. हे चूक नाही, माणसाचा जीव घेताना असेच व्हायला हवे. पण परिणाम निर्दोष सुटकेत होतो. मुंबईतील शक्ती मिल प्रकरणात तीन आरोपींना २०१४ मध्ये गुन्ह्याच्या पुनरावृत्तीसाठीच्या नव्या कलमाखाली फाशी सुनावली गेली. २०१९ मध्ये ते कलम उच्च न्यायालयाने वैध ठरवले आणि २०२१ मध्ये त्याच न्यायालयाने फाशी रद्द करून जन्मठेप दिली. सात वर्षे तो खटला ‘फाशी की जन्मठेप’ याच प्रश्नाभोवती फिरत राहिला.

‘शक्ती’ विधेयकाबद्दल एवढेच सांगतो की त्यात खोटी तक्रार करणाऱ्याला तुरुंगवासाचीही तरतूद होती, आणि स्त्री-संघटनांचा आक्षेप फाशीइतकाच तिलाही होता. राष्ट्रपतींच्या संमतीअभावी ते अमलात आले नाही.

कोरडवाहू

धाग्यात एक गोष्ट अजून नीट आलेली नाही. मथुरा आदिवासी होती, हे ओसरींनी एका शब्दात सांगितले आणि पुढे गेल्या. कायद्याच्या पुस्तकात ‘स्त्री’ हा एकच शब्द असला तरी ठाण्याच्या दारात सगळ्या स्त्रिया सारख्या नसतात. खैरलांजीत २००६ मध्ये एका दलित कुटुंबातील चौघांची हत्या झाली. २००८ मध्ये भंडाऱ्याच्या न्यायालयाने सहा जणांना फाशी सुनावली आणि लोकांनी समाधान व्यक्त केले. पण त्याच निकालात अत्याचार प्रतिबंधक कायद्याखालचा गुन्हा सिद्ध झाला नाही असे ठरले, म्हणजे जातीचा मुद्दाच बाहेर राहिला. पुढे २०१० मध्ये उच्च न्यायालयाने फाशीही रद्द करून पंचवीस वर्षांचा कारावास दिला. शिक्षा जास्तीत जास्त दिली गेली आणि गुन्ह्याचे नाव मात्र घेतले गेले नाही. हे ज्यांनी पाहिले आहे त्यांना ‘कठोर शिक्षा म्हणजे न्याय’ हे समीकरण पटणे अवघड आहे.

राजस्थानातील भंवरी देवींचे उदाहरणही इथलेच समजा. बालविवाह थांबवणे हे त्यांचे सरकारने दिलेले काम होते, त्यातून १९९२ मध्ये त्यांच्यावर सामूहिक बलात्कार झाला, आणि १९९५ मध्ये आरोपी बलात्काराच्या आरोपातून सुटले. त्या लढ्यातून १९९७ चे सर्वोच्च न्यायालयाचे ‘विशाखा’ निर्देश आले आणि पुढे २०१३ चा कामाच्या ठिकाणच्या लैंगिक छळाचा कायदा आला. आज शहरातल्या कार्यालयांत अंतर्गत समित्या आहेत. ज्या बाईमुळे त्या आल्या, तिच्यासारख्या गावपातळीवर राबणाऱ्या बाईने मात्र जिल्ह्याच्या स्थानिक समितीकडे जायचे असते, आणि अशी समिती आहे हे तिला कोणी सांगितलेले नसते.

आणखी एक. फाशीच्या कैद्यांविषयी दिल्लीच्या राष्ट्रीय विधी विद्यापीठाने २०१६ मध्ये केलेल्या अभ्यासात सुमारे तीन-चतुर्थांश कैदी आर्थिकदृष्ट्या दुर्बळ आढळले. कठोर कायद्याचा भार कोणाच्या मानेवर येतो, ते यातून दिसते.

अर्धविराम

चर्चा एकाच बाजूने चालली आहे असे वाटते. कायदा स्त्रीच्या बाजूने झुकवायचा, पुराव्याचा भार आरोपीवर टाकायचा, आणि मग खोट्या तक्रारींविषयी बोलणाऱ्याला असंवेदनशील ठरवायचे, हे न्याय्य नाही. हुंड्याच्या छळाच्या कलमात म्हाताऱ्या सासू-सासऱ्यांना रात्रीत उचलून नेल्याची उदाहरणे आपण सर्वांनी ऐकली आहेत. लग्नाचे आमिष दाखवून बलात्कार, या नावाखाली मोडलेल्या प्रेमसंबंधांचे खटले चालतात. स्त्रीवादी दृष्टीत यासाठी जागा आहे काय?

तळटीप

आहे, आणि बरीच आहे. घाऊक अटकेला सर्वोच्च न्यायालयाने २०१४ मध्ये अर्नेश कुमार प्रकरणात लगाम घातला, आणि त्या निकालाने स्त्रियांचे मुळात काही बिघडले नाही, कारण सासूला अटक हा छळ होणाऱ्या सुनेवरचा उपाय कधीच नव्हता. तिला राहायला जागा आणि हातात पैसे हवे असतात. अटक हे पोलिसांना येणारे सर्वात सोपे काम असल्याने तेच तिच्या पदरात पडते.

‘खोटी’ या शब्दाबाबत मात्र सावध असावे. आपल्याकडे पोलीस तपास बंद करताना ‘बी समरी’ म्हणजे तक्रार दुष्ट हेतूने खोटी, आणि ‘सी समरी’ म्हणजे गैरसमजातून किंवा दिवाणी स्वरूपाच्या वादातून झालेली, असे वेगवेगळे अहवाल देतात. खटल्यात आरोपी सुटणे ही तिसरीच गोष्ट. या तिन्हींची बेरीज करून ‘इतक्या तक्रारी खोट्या’ असे म्हणणे चुकीचे आहे. पुरावा कमी पडला म्हणून माझा अशील सुटतो, तेव्हा समोरची स्त्री खोटे बोलली असे कोणत्याही न्यायालयाने म्हटलेले नसते.

लग्नाच्या आमिषाबाबत मी तुमच्याशी बऱ्याच अंशी सहमत आहे. दंड संहितेच्या जागी आलेल्या भारतीय न्याय संहितेत १ जुलै २०२४ पासून त्यासाठी वेगळे कलम आहे, दहा वर्षांपर्यंत शिक्षा आहे. फसवणूक ही फसवणूक म्हणून हाताळावी, हे ठीक. पण त्या कलमामागे एक जुनी कल्पना दडलेली आहे की लग्नाचे वचन नसेल तर स्त्री स्वतःच्या इच्छेने संबंध ठेवणारच नाही. आणि हीच कल्पना चारित्र्याच्या प्रश्नामागे होती.

पायवाट

मी एका जिल्ह्याच्या ठिकाणी समुपदेशक म्हणून काम करते. कायद्यातील बारकावे वरील मंडळींनी मांडले आहेत. मी केवळ ठाण्यातून बाहेर पडल्यानंतरचे सांगते.

तक्रार नोंदवल्यावर स्त्रीचा पहिला प्रश्न ‘त्याला किती वर्षे होतील’ असा नसतो. ‘आज रात्री कुठे झोपू’, ‘मुलांची शाळा’, ‘शेतावरची मजुरी बुडेल’, ‘भाऊ घरात ठेवून घेईल का’, हे असतात. आरोपी बाहेरचा असो वा घरातला, समझोत्याचा दबाव बहुधा याच वाटेने येतो. गावातले चार जण येऊन बसतात आणि म्हणतात की पोरीचे लग्न व्हायचे आहे, मिटवून टाका. सहा महिन्यांनी ती न्यायालयात साक्ष फिरवते, आणि अर्धविराम म्हणतात त्या खोट्या तक्रारींत आणखी एक नोंद पडते.

म्हणूनच २००५ चा कौटुंबिक हिंसाचारविरोधी कायदा मला फौजदारी कायद्यांपेक्षा जवळचा वाटतो. तो मुळात दिवाणी स्वरूपाचा आहे. घरात राहण्याचा आदेश, संरक्षणाचा आदेश, पोटापाण्याचे पैसे, मुलांचा ताबा, एवढे एका अर्जात मागता येते. पूर्वी ‘घर सासऱ्याच्या नावावर आहे’ असे सांगून सुनेला बाहेर काढले जाई. २०२० मध्ये सर्वोच्च न्यायालयाने सामायिक घराचा अर्थ व्यापक करून ती वाट बरीच अरुंद केली. अडचण अशी की संरक्षण अधिकाऱ्याच्या अंगावर इतर कामांचा डोंगर असतो, आणि तिला गाडी नसते. कायदा चांगला आहे, पण तो चालवणारी बाई एसटीची वाट पाहत उभी असते.

आपल्या राज्यात याहून जुना एक प्रयोग आहे. १९८४ मध्ये टाटा सामाजिक विज्ञान संस्थेने मुंबई पोलिसांबरोबर महिला व मुलांसाठी विशेष कक्ष सुरू केला. पोलिसांच्याच आवारात प्रशिक्षित सामाजिक कार्यकर्ती बसते, ती पोलीस नसते, पण ठाण्याच्या आत असते. बाईला आधी तिच्याशी बोलता येते, आणि मग गुन्हा नोंदवायचा की संरक्षण आदेश मागायचा की नुसते माहेरी पोहोचवायचे, हे बाई स्वतः ठरवते. मला यात सर्वात मोलाची वाटते ती हीच गोष्ट. बाकी सगळी यंत्रणा तिच्या वतीने ठरवून मोकळी होते.

ओसरी (धागाकर्ती)

कोरडवाहू यांचा आक्षेप मान्य आहे. मी खरोखरच एका शब्दात पुढे गेले.

तळटीप यांनी नवऱ्याचा विषय माझ्याकडे सोपवला आहे. १८६० च्या दंड संहितेत पत्नीचे वय दहाहून कमी नसेल तर नवऱ्याचा संबंध बलात्कार नव्हता. हे वय १८९१ मध्ये बारा, १९२५ मध्ये तेरा, १९४९ मध्ये पंधरा झाले, आणि २०१७ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने ते अठरा मानले. दीडशेहून अधिक वर्षे आपण पत्नीचे वय वाढवत आलो, पण पत्नीची इच्छा हा प्रश्न कायद्याने विचारला नाही. न्याय संहितेतही अठरा वर्षांवरील पत्नीबाबतची सूट कायम आहे. २०२२ मध्ये दिल्ली उच्च न्यायालयाच्या दोन न्यायमूर्तींत यावर एकमत झाले नाही.

रखमाबाईंची आठवण इथे टाळता येत नाही. बालपणी लावून दिलेल्या लग्नातील नवऱ्याकडे नांदायला जाण्यास त्यांनी नकार दिला. १८८५ मध्ये न्यायमूर्ती पिन्हे यांनी त्यांच्या बाजूने निकाल दिला, पण १८८७ मध्ये न्यायालयाने नांदायला जा किंवा सहा महिने तुरुंगात जा, असा आदेश दिला. त्यांनी तुरुंगाची तयारी दाखवली. पुढे १८८८ मध्ये नवऱ्याला दोन हजार रुपये देऊन तडजोड झाली आणि त्या डॉक्टर झाल्या. शिक्षेचा धाक हा हत्यार म्हणून प्रथम कोणावर उगारला गेला, हे निर्मोही यांनी या प्रकरणात पाहावे.

विवाहाची सूट काढली तर लगेच नवऱ्यांना जन्मठेप होईल, अशी भीती घातली जाते. माझे म्हणणे उलट आहे. सूट काढा आणि शिक्षा ठरवताना न्यायाधीशाला मोकळीक द्या. किमान शिक्षेची सक्ती जितकी मोठी, तितके न्यायालय ‘हा गुन्हाच नव्हे’ असे म्हणण्याकडे झुकते, हे तळटीप यांनी वर सांगितलेच आहे.

निर्मोही

माझे मत पूर्ण बदलले असे म्हणणार नाही. काही गुन्ह्यांसाठी मला आजही फाशीच योग्य वाटते. पण काकाचे आणि आजीचे उदाहरण दोन दिवस डोक्यातून गेलेले नाही, हे कबूल करतो.

पायवाट यांना एक व्यवहाराचा प्रश्न आहे. आमच्या ओळखीतील एक कुटुंब सध्या अशाच खटल्यात साक्षीदार आहे. तालुक्याहून जिल्ह्याला प्रत्येक तारखेला चार माणसांनी जायचे, दिवसाची मजुरी बुडवायची, आणि बहुतेक वेळा तारीख पुढे जाते. धमक्याही आहेत. त्यांनी काय करावे?

पायवाट

धमक्यांसाठी साक्षीदार संरक्षणाचा अर्ज करता येतो. आपल्या राज्याचा यासाठी २०१७ चा स्वतंत्र कायदा आहे, आणि २०१८ मध्ये सर्वोच्च न्यायालयाने देशभरासाठी साक्षीदार संरक्षण योजना मंजूर केली. अर्ज सरकारी वकिलांमार्फत पुढे नेण्यास सांगावे, धमकीची तारीख, वेळ आणि शब्द लिहून ठेवावेत. मुलगी तक्रारदार असेल तर मनोधैर्य या राज्याच्या पीडितांसाठीच्या योजनेच्या मदतीसाठी जिल्हा विधी सेवा प्राधिकरणाकडे विचारणा करावी. तिला मोफत वकीलही तिथूनच मिळतो.

प्रवासाचे म्हणाल, तर फौजदारी प्रक्रियेत साक्षीदाराचा वाजवी खर्च सरकारकडून देण्याची तरतूद आहे, पण न्यायालयासमोर मागितल्याशिवाय सहसा मिळत नाही. प्रत्येक तारखेचे एसटीचे तिकीट जपून ठेवायला सांगा, चौघांचेही. तारीख पुढे गेली तरी हजर असल्याची नोंद रोजनाम्यात झाली आहे ना, हे त्याच दिवशी बेंच क्लार्ककडे विचारून घ्यावे.